समजून घ्या : ‘गेम ऑफ थ्रोन्स’मधलं व्हॅलिरियन स्टील काय आहे? आणि दख्खनच्या हरवलेल्या पोलादाशी त्याचं नातं काय?

‘गेम ऑफ थ्रोन्स’च्या चौथ्या सीझनची सुरुवात एकाही संवादाशिवाय होते. टायविन लॅनिस्टर लांडग्याच्या कातड्यात गुंडाळलेली एक प्रचंड तलवार बाहेर काढतो. ही नेड स्टार्कची ‘आइस’. लोहार ती भट्टीत वितळवतो, त्याच धातूतून दोन नव्या तलवारी तयार होतात आणि टायविन ते कातडं आगीत भिरकावतो.

आता प्रश्न असा, की लॅनिस्टर घराणं सोन्याच्या खाणींवर बसलेलं आहे. नवी तलवार हवी तर ती बनवून घ्यायची, दुसऱ्याची वितळवायची कशाला? कारण ‘आइस’ ज्या धातूची होती तो धातू नव्यानं बनवणं जगात कोणालाच येत नाही. त्याची कृती हरवली आहे.

या धातूचं नाव व्हॅलिरियन स्टील. ड्रॅगन, मंत्र आणि जादू सोडून दिली तर त्याची गोष्ट आपल्याला परकी नाही. कारण असंच पोलाद दख्खनमध्ये खरोखर बनत होतं आणि त्याची कृतीही खरोखर हरवली.

(मालिका अजून पाहिली नसेल तर सावधान, पुढे कथानकातल्या काही गोष्टी उघड होतील.)

व्हॅलिरियन स्टील म्हणजे नेमकं काय?

अमेरिकन लेखक जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या कादंबरीमालेतला हा काल्पनिक धातू आहे. मालेतलं पहिलं पुस्तक १९९६मध्ये आलं. त्यावरची ‘गेम ऑफ थ्रोन्स’ ही मालिका २०११ ते २०१९ अशी आठ सीझन चालली. २०२२पासून ‘हाउस ऑफ द ड्रॅगन’ सुरू झाली आणि हा धातू पुन्हा चर्चेत आला.

कथेनुसार व्हॅलिरिया हे एक बलाढ्य राज्य होतं. तिथले लोक ड्रॅगन पाळत, ज्वालामुखींच्या रांगेखाली खाणी खणत आणि मंत्रविद्या जाणत. ड्रॅगनची आग, मंत्र आणि लोहारकाम यांच्या मेळातून ते हे पोलाद बनवत.

त्याची वैशिष्ट्यं अशी : साध्या पोलादापेक्षा ते वजनाला हलकं, पण जास्त मजबूत. धार कमालीची आणि टिकणारी. रंग गडद, धुरकट करडा. पात्याच्या पृष्ठभागावर पाण्याच्या लहरींसारखी नक्षी, हीच त्याची ओळख. ही नक्षी कोणी कोरलेली नसते, ती धातूच्या अंगातच असते.

शेवटचा मुद्दा लक्षात ठेवा. पुढे तोच आपल्याला व्हॅलिरियामधून दख्खनमध्ये घेऊन येणार आहे.

त्याचा उपयोग कशाकशासाठी होतो?

सर्वात मोठा उपयोग अर्थातच शस्त्रांसाठी. वेस्टेरॉसमधल्या मोजक्या घराण्यांकडे अशा तलवारी आहेत आणि प्रत्येकीला नाव आहे. मॉरमाँट घराण्याची ‘लाँगक्लॉ’ जॉन स्नोला मिळते. टार्ली घराण्याची ‘हार्ट्सबेन’ सॅमवेल घरातून उचलून नेतो. ‘आइस’ वितळवून झालेल्या दोघींपैकी ‘ओथकीपर’ शेवटी ब्रिएनच्या हातात येते आणि ‘विडोज वेल’ राजा जॉफ्रीला लग्नात भेट मिळते.

दुसरा उपयोग कथेच्या ओघात कळतो. पाचव्या सीझनमध्ये हार्डहोमच्या लढाईत जॉन स्नोची तलवार व्हाइट वॉकरच्या शस्त्राला भिडते आणि तुटत नाही. पुढच्याच वारात व्हाइट वॉकरचा बर्फासारखा चुरा होतो. त्याआधी हे काम फक्त ड्रॅगनग्लास, म्हणजे ज्वालामुखीतून निघणारी काळी काच, करू शकते असं दिसलं होतं. शेवटच्या सीझनमध्ये आर्या नाइट किंगला मारते तेही व्हॅलिरियन स्टीलच्या खंजिरानं. ‘हाउस ऑफ द ड्रॅगन’मध्ये हाच खंजीर तापवल्यावर त्याच्या पात्यावर एक जुनं भाकीत उमटलेलं दिसतं. म्हणजे हा धातू शस्त्र आहे तसा दस्तऐवजही आहे.

शस्त्रांपलीकडेही तो दिसतो. एगॉन द काँकररचा मुकुट याच धातूचा आणि माणकं जडवलेला होता. मेस्टर म्हणजे तिथले विद्वान. ते जितक्या विद्या शिकतात तितक्या धातूंच्या कड्या गळ्यातल्या साखळीत घालतात. जादूविद्येच्या अभ्यासासाठी जी कडी मिळते ती व्हॅलिरियन स्टीलची आणि ती फार थोड्यांच्या गळ्यात असते.

पण या धातूचा खरा उपयोग राजकारणात आहे. टार्गेरियन राजांची ‘ब्लॅकफायर’ ही तलवार राजा चौथा एगॉन आपल्या वारसाला न देता अनौरस मुलाला देतो. तलवार ज्याच्याकडे तोच खरा राजा, असं मानणारे सरदार त्या मुलामागे उभे राहतात आणि राज्यात यादवी पेटते. लॅनिस्टरांची स्वतःची तलवार कधीच हरवली होती. टायविननं पडत्या काळातल्या लहान घराण्यांकडून त्यांच्या तलवारी विकत घ्यायचा प्रयत्न केला. गरिबीतही कोणी विकायला तयार झालं नाही. म्हणूनच ‘आइस’ हाती लागताच त्यानं ती वितळवली.

कथेत ही कृती हरवली कशी?

मुख्य कथेच्या सुमारे चारशे वर्षं आधी व्हॅलिरियाचा एका दिवसात विनाश झाला. ज्वालामुखी फुटले, शहरं गेली, ड्रॅगन गेले. त्यांच्याबरोबर पोलाद बनवणारी माणसंही गेली.

पुढे उरलं ते फक्त तयार धातूवरचं काम. जुन्या तलवारी वितळवून नव्या घडवणं क्वोहोर शहरातल्या लोहारांना जमतं. कादंबरीत ‘आइस’चं काम करणारा टोबो मॉट तिथेच शिकलेला आहे. मालिकेत टायविन सांगतो, की हे काम जाणणारे तीनच लोहार जिवंत आहेत. कादंबरीत टोबो मॉट धातूला लॅनिस्टरांचा लाल रंग चढवायचा खूप प्रयत्न करतो, पण धातू पुन्हा पुन्हा काळवंडतो. घडवता येतं, पण आतलं रहस्य हाती लागत नाही, अशी ही अवस्था आहे.

मार्टिन यांनी यात आणखी एक बारीक तपशील घातला आहे. क्वोहोरचे लोहार जुन्या पोलादाची बरोबरी करण्यासाठी माणसांचे, अगदी तान्ह्या मुलांचेही बळी देतात, असं एक मेस्टर लिहून ठेवतो. त्याला शहरातून हाकलून देतात. कृती हरवली की तिच्या जागी दंतकथा येतात. हा तपशीलही आपल्याला पुढे लागणार आहे.

असं पोलाद विज्ञानात बसतं का?

काही गोष्टी बसत नाहीत. पहिली म्हणजे वजन. पोलादाची घनता एका घन सेंटिमीटरला साधारण ७.८ ग्रॅम असते. त्यात थोडा कार्बन किंवा इतर धातू मिसळून ती फारशी बदलत नाही. टायटॅनियमची घनता ४.५च्या आसपास आहे, पण मग ते पोलाद राहत नाही आणि चांगल्या पोलादासारखी धारही धरत नाही. मात्र धातू मजबूत असेल तर पातं पातळ करता येतं आणि तलवार हाताला हलकी लागते.

दुसरी गोष्ट मालिकेतल्या त्या दृश्याची. वितळलेलं पोलाद साच्यात ओतून तलवार बनवत नाहीत. ओतीव पातं आतून भरड राहतं आणि मारा झाला की मोडतं. तलवार घडवावी लागते : तापवायची, ऐरणीवर घणाखाली घ्यायची, पुन्हा तापवायची. पडद्यावर वितळलेला धातू सुंदर दिसतो, एवढंच त्या दृश्याचं कारण.

पण मूळ कल्पना, म्हणजे कडक असूनही न तुटणारं पोलाद, ही धातुशास्त्रातली खरी अडचण आहे. लोखंडात कार्बन वाढवला की ते कडक होतं आणि धार धरतं. पण त्याबरोबर ठिसूळही होत जातं. साध्या बांधकामाच्या पोलादात कार्बन पाव टक्क्याच्या आत असतो. रेल्वेच्या रुळात ०.७ टक्क्याच्या आसपास. दोन टक्क्यांच्या वर गेलात की बीड होतं. ते ओतता येतं, पण घणाखाली घेतलं तर फुटतं.

आपल्याकडचे लोहार आणि घिसाडी ही अडचण पिढ्यान्‌पिढ्या ओळखून आहेत. विळ्याला किंवा फाळाला ‘पाणी देणं’ म्हणजे तापलेली धार योग्य क्षणी पाण्यात बुडवणं. पाणी जास्त झालं तर धार उडते, कमी झालं तर वळते. ‘पाणीदार’ हा शब्द आपण आज माणसांसाठी वापरतो, तो या कामाशीही जोडलेला आहे.

मग एक ते दोन टक्के कार्बन असलेलं, म्हणजे पुस्तकी हिशेबानं ठिसूळ ठरावं असं पोलाद घेऊन त्यातून लवचिक तलवार घडवायची, हे कसं शक्य आहे? ते शक्य होतं. ते दक्षिण भारतात बनत होतं.

दख्खनचं ते पोलाद कोणतं?

इंग्रजी ग्रंथांत त्याला ‘वुट्झ’ म्हणतात. हा शब्द कन्नड-तेलुगूतल्या ‘उक्कु’ म्हणजे पोलाद या शब्दावरून आला असं बहुतेक अभ्यासक मानतात. तेलुगूत हा शब्द अजून रोजच्या वापरात आहे. विशाखापट्टणमच्या पोलाद कारखान्याला लोक ‘विशाखा उक्कु’ म्हणतात.

तामिळनाडू, कर्नाटक, तेलंगणा आणि श्रीलंका या पट्ट्यात मुशीत वितळवून हे पोलाद बनवलं जाई. पद्धतीत गावागणिक फरक होते, पण गाभा एकच. भाताचं तूस घातलेल्या मातीची मूस घ्यायची. तिच्यात भट्टीतून काढलेल्या लोखंडाचे तुकडे, लाकूड किंवा कोळसा आणि हिरवी पानं घालायची. दक्षिणेतल्या एकोणिसाव्या शतकातल्या नोंदींमध्ये तरवडाचं लाकूड आणि रुईची पानं आहेत. म्हणजे माळरानावर उगवणारा तरवड आणि मारुतीला वाहतो ती रुई. मग मुशीचं तोंड मातीनं बंद करायचं आणि भात्यानं वारा देत कित्येक तास भट्टी पेटती ठेवायची.

आत काय होत होतं? शुद्ध लोखंड १५३८ अंश सेल्सिअसला वितळतं. लोहाराच्या भट्टीत एवढी उष्णता मिळवणं कठीण. पण बंद मुशीत लाकूड-पानांमधला कार्बन लोखंडात शिरत जातो तसा त्याचा वितळबिंदू खाली येतो आणि एका टप्प्यावर सगळं लोखंड पातळ होतं. मळी वर तरंगते, खाली एकजीव पोलाद उरतं. मूस हळूहळू थंड करून फोडली की साधारण अर्ध्या ते दोन किलोची पोलादाची वडी हाती येई. तिच्यात कार्बन असे दीड टक्क्याच्या आसपास.

या वड्या इराण आणि अरबस्तानात जात. तिथले कारागीर त्यांच्यापासून तलवारी घडवत. पात्यावर सौम्य आम्ल लावलं की लहरींची नक्षी उमटे. युरोपियनांनी याच तलवारींना ‘दमास्कस पोलाद’ म्हटलं. अरबीत तलवारीसाठी ‘मुहन्नद’ असा एक शब्द आहे, त्याचा अर्थच हिंदुस्थानी.

नक्षी धातूच्या अंगातली, धार विलक्षण, बनवण्याची रीत मोजक्यांना माहीत. व्हॅलिरियन स्टीलचं वर्णन इथे जवळजवळ जसंच्या तसं लागू पडतं. बळीची दंतकथासुद्धा. दमास्कसच्या तलवारी गुलामांच्या शरीरात खुपसून थंड करतात, अशा भाकडकथा युरोपात पसरल्या होत्या.

यात महाराष्ट्राचा संबंध कुठे येतो?

दोन ठिकाणी. नांदेड जिल्ह्याला लागून तेलंगणाचा निजामाबाद जिल्हा आहे. तिथलं कोनासमुद्रम हे गाव या पोलादाचं मोठं केंद्र होतं. ब्रिटिशांच्या भारत सर्वेक्षणातले वैद्य-भूगर्भतज्ज्ञ हेन्री व्हॉयसी यांनी तिथलं काम पाहून लिहून ठेवलं. ते टिपण त्यांच्या मृत्यूनंतर १८३२मध्ये छापलं गेलं. इराणचे व्यापारी या गावात येऊन राहत आणि माल स्वतः पारखून घेत. व्हॉयसींनी आणखी एक गोष्ट टिपली : इथले कारागीर दोन वेगवेगळ्या ठिकाणचं लोखंड ठरावीक प्रमाणात मिसळत.

दुसरा संबंध मुंबईचा. १७९४मध्ये मुंबईतले डॉक्टर हेलेनस स्कॉट यांनी या पोलादाचे नमुने लंडनला रॉयल सोसायटीचे अध्यक्ष जोसेफ बँक्स यांच्याकडे पाठवले. आपल्या माहितीतल्या कुठल्याही पोलादापेक्षा हे जास्त कडक होतं, असं त्यांचं मत होतं. पुढच्याच वर्षी जॉर्ज पिअर्सन यांनी त्यावर शोधनिबंध वाचला. त्याच्या शीर्षकात हे पोलाद मुंबईत बनलेलं असं म्हटलं आहे. मुंबई बंदर होतं, माल बहुधा आतल्या भागातून आलेला असावा.

या नमुन्यांनी लंडनमध्ये खळबळ उडवली. जेम्स स्टोडार्ट हे तिथले नामांकित सुऱ्या-वस्तरे बनवणारे कारागीर. युरोपातल्या उत्तम पोलादापेक्षा आपण हिंदुस्थानी वुट्झ पसंत करतो, अशी जाहिरात ते आपल्या दुकानाच्या पत्रकावर करत. पुढे त्यांच्यासोबत एका तरुण शास्त्रज्ञानं यावर प्रयोग केले. त्याचं नाव मायकेल फॅरेडे, एका लोहाराचा मुलगा. विजेवरचं बरंचसं काम त्यानं नंतर केलं. त्याआधी, १८१९ ते १८२२ या काळात, तो आपल्या पोलादाचं कोडं सोडवत होता.

फॅरेडेला ते सुटलं नाही. रहस्य ॲल्युमिनियम आणि सिलिकामध्ये आहे असं त्याला वाटलं आणि ते चुकीचं निघालं. पण त्या नादात त्यानं पोलादात वेगवेगळे धातू मिसळून पाहिले आणि मिश्र पोलादांच्या अभ्यासाची सुरुवात झाली. युरोपातल्या लोहारांचीही तीच गत झाली. त्यांच्या सवयीप्रमाणे ते वडी पांढरीशुभ्र होईपर्यंत तापवत आणि घणाखाली तिचा चुरा होई. हे पोलाद लालसर तापवूनच हळूहळू घडवावं लागतं, हे त्यांना माहीत नव्हतं.

मग हे पोलाद हरवलं कसं?

इथे ज्वालामुखी फुटला नाही. कृती हळूहळू, अनेक कारणांनी गेली आणि कोणतं कारण किती मोठं यावर अभ्यासकांमध्ये आजही मतभेद आहेत.

पहिलं कारण बाजार. १८५६मध्ये हेन्री बेसेमर यांनी स्वस्तात आणि भरपूर पोलाद बनवायची पद्धत शोधली. युरोपचं पोलाद जहाजांनी भारतात येऊ लागलं. मुशीत एका वेळी किलो-दोन किलो पोलाद काढणारा कारागीर त्याच्याशी किमतीत कसा टिकणार?

दुसरं कारण गिऱ्हाईक. लढाईची पद्धत बदलली, तलवारीची जागा बंदुकीनं घेतली. १८५७नंतर ब्रिटिशांनी जागोजागी शस्त्रं काढून घेतली आणि १८७८मध्ये शस्त्र कायदा आला. संस्थानिकांकडून येणारी मागणी आटली.

तिसरं कारण इंधन. ही भट्टी कोळशावर चालते आणि कोळशासाठी जंगल लागतं. जंगलं तुटत गेली. उरलेल्यांवर सरकारी निर्बंध आले.

चौथं कारण सर्वात चटका लावणारं आहे. ते कळायला विसावं शतक संपत यावं लागलं.

कोडं सुटलं का?

बऱ्याच अंशी. १९७०-८०च्या दशकांत स्टॅनफर्ड विद्यापीठात ओलेग शर्बी आणि जेफ्री वड्‌सवर्थ जास्त कार्बनच्या पोलादावर संशोधन करत होते. आपण जे बनवतोय ते जुन्या दमास्कस पोलादाच्या जवळ जातंय, हे त्यांच्या लक्षात आलं. १९८५मध्ये त्यांनी त्यावर लेख लिहिला आणि विषय पुन्हा चर्चेत आला.

पण पात्यावरची नक्षी हुबेहूब साधण्याचं काम केलं आयोवा स्टेट विद्यापीठातले धातुशास्त्रज्ञ जॉन व्हरहोवन आणि फ्लोरिडातले लोहार आल्फ्रेड पेंड्रे यांनी. पेंड्रे घोड्यांना नाल ठोकण्याचंही काम करत. एकाकडे सूक्ष्मदर्शक, दुसऱ्याकडे ऐरण. १९९८मध्ये त्यांनी जो निष्कर्ष मांडला तो सोप्या भाषेत असा :

मुशीतलं पोलाद हळूहळू गोठतं तेव्हा त्यात झाडाच्या फांद्यांसारखे स्फटिक वाढतात. धातूतली अशुद्धी त्या फांद्यांच्या मधल्या फटींत ढकलली जाते. पुढे लोहार पुन्हा पुन्हा तापवून घडवतो, तेव्हा लोखंड आणि कार्बनचे अतिशय कडक कण नेमके त्या अशुद्धीच्या रेषांवर रांगेनं जमतात. केसाच्या जाडीएवढ्या किंवा त्याहूनही कमी अंतरावरच्या या रांगा म्हणजेच पात्यावरच्या लहरी. कडक कणांच्या रांगा आणि मधे मऊ धातू, अशी ही रचना आहे.

यातली कळीची अशुद्धी म्हणजे व्हॅनेडियमसारखे धातू. तेही किती, तर शंभरातला एक भाग सोडाच, दहा हजारात एक भागही पुरेसा. एवढं कमी, की जुन्या कुठल्याही कारागिराला ते आहे हे कळणं शक्यच नव्हतं. ते काही खाणींच्या खनिजातच मुळात होतं.

आता चौथं कारण. व्हरहोवन आणि पेंड्रे यांचा तर्क असा, की ती विशिष्ट खनिजं संपली किंवा लोखंड दुसरीकडून येऊ लागलं. लोहार तोच, मूस तीच, रुईची पानं तीच, पण नक्षी उमटेना. बापानं शिकवलं तसं सगळं करूनही पातं साधंच निघतंय, म्हणजे आपल्याच हाताचं काहीतरी चुकतंय, असंच त्या मुलाला वाटणार. दोन पिढ्या नक्षी आली नाही, तर तिसऱ्या पिढीला शिकवणार काय?

कोनासमुद्रमच्या कारागिरांनी दोन ठिकाणचं लोखंड का मिसळलं असेल, याचंही एक संभाव्य उत्तर इथे मिळतं. ‘का’ त्यांना माहीत नसेल, पण कोणत्या टेकडीच्या दगडानं काम साधतं हे अनुभवानं माहीत होतं.

२००६मध्ये ड्रेसडेनच्या संशोधकांनी सतराव्या शतकातल्या एका दमास्कस तलवारीच्या नमुन्यात कार्बन नॅनोट्यूब सापडल्याचं जाहीर केलं. त्यावरून ‘आपल्या पूर्वजांना नॅनोतंत्रज्ञान येत होतं’ असे मेसेज व्हॉट्सॲपवर फिरतात. तो एका तलवारीच्या तुकड्यावरचा अभ्यास होता. नॅनोट्यूब घडवणं आणि त्या नकळत तयार होणं यात फरक आहे. कारागिरांचं श्रेय त्यानं कमी होत नाही. त्यांनी उष्णतेचा रंग पाहून, आवाज ऐकून जे साधलं ते पुरेसं थक्क करणारं आहे.

ऑनलाइन मिळणारा ‘दमास्कस’ चाकू खरा असतो का?

शॉपिंग ॲपवर लहरींची नक्षी असलेले ‘दमास्कस स्टील’चे चाकू भरपूर दिसतात. ते बहुतेक वेगळ्या पद्धतीचे असतात. दोन प्रकारच्या पोलादाचे थर एकावर एक ठेवून, तापवून, ठोकून जोडतात आणि शेवटी आम्लात बुडवतात. दोन्ही पोलादांवर आम्लाचा परिणाम कमी-जास्त होतो म्हणून नक्षी दिसते. ही पद्धतही जुनी आणि कष्टाची आहे, चांगल्या हातचा असा चाकू उत्तम असतो. फक्त ते वुट्झ नव्हे. मुशीतल्या पोलादात थर नसतातच, नक्षी एकाच वडीच्या आतून येते.

काही स्वस्त चाकूंवर तर नक्षी फक्त वरून लेझरनं काढलेली असते. ओळखायची एक खूण : खऱ्या थरांच्या चाकूत नक्षी पात्याच्या पाठीवर, म्हणजे जाड कडेवरही चढलेली दिसते. वरवरची असेल तर तिथे नसते आणि घासल्यावर जाते.

आज त्याची कुठे नोंद आहे?

२०१०मध्ये बेंगळुरूच्या राष्ट्रीय प्रगत अध्ययन संस्थेच्या शारदा श्रीनिवासन आणि ब्रिटनच्या एक्सेटर विद्यापीठाच्या गिल जुलेफ यांच्या पथकानं उत्तर तेलंगणातली गावं पालथी घातली आणि जुन्या भट्ट्यांच्या, मळीच्या, मुशींच्या खुणा नोंदवल्या. श्रीनिवासन आणि धातुशास्त्रज्ञ एस. रंगनाथन यांचं वुट्झवरचं पुस्तक २००४मध्ये आलं आहे. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आणि हैदराबादच्या सालारजंग संग्रहालयात शस्त्रदालनं आहेत. तिथे जुनी पाती जवळून पाहता येतात. लहरी असतील तर उजेड तिरका पडल्यावर त्या स्पष्ट दिसतात.

या सगळ्यात एक गोष्ट पुन्हा पुन्हा समोर येते. या पोलादाबद्दल लिहून ठेवलं ते स्कॉट, पिअर्सन, व्हॉयसी, फॅरेडे यांनी, म्हणजे पाहणाऱ्यांनी. बनवणाऱ्यांपैकी कोणाचं टिपण अभ्यासकांच्या हाती नाही, त्यांची नावंही नाहीत. व्हॉयसींसारख्या माणसानं एका गावात थांबून चार पानं लिहिली म्हणून दोन लोखंडं मिसळण्याची गोष्ट तरी आज आपल्याला कळते.

आपल्या गावात मातीची भट्टी लावणारा, कांबळं विणणारा, तांब्याच्या भांड्याला ठोके देणारा एखादा शेवटचा कारागीर असेल. त्याचं काम कुठल्या दगडावर, कुठल्या पानावर, कुठल्या विहिरीच्या पाण्यावर अडतं हे त्यालाच माहीत असतं. का अडतं हे त्याला सांगता येईलच असं नाही. फोनमधला कॅमेरा मात्र प्रत्येकाच्या हातात आहे. जाऊन तासभर त्याचं बोलणं आणि हात टिपून ठेवायला ड्रॅगनची गरज नाही.